वस्तीतली फरसबंदी आणि खालची काळी माती

आपल्या परभणी जिल्ह्यातल्या कोणत्याही गावी बौद्धवस्तीत गेले तर दोन गोष्टी दुरूनच नजरेत भरतात. एक पंचशील ध्वज आणि दुसरी उखडलेली गल्ली. गल्ली सिमेंटची असेल तर मधोमध लांबच लांब तडा गेलेला. ब्लॉकची असेल तर ब्लॉक कुठे खचलेले, कुठे कासवाच्या पाठीसारखे वर आलेले. काम कधीचे म्हणून विचारावे तर लोक सांगतात, 'मागच्या सालचंच की!'

ह्या सदरातून आम्ही एरवी शिष्यवृत्तीचे अर्ज, दाखले, रेशनकार्ड यांविषयी लिहितो. ह्या वेळी विषय खडी-मुरमाचा आहे. ज्या योजनेला आपण अजूनही 'दलित वस्ती सुधार' याच जुन्या नावाने ओळखतो, ती समाजकल्याण खात्याची योजना जिल्हा परिषदेमार्फत राबवली जाते. तिच्यातून वस्तीला गल्ल्या, नाल्या, समाजमंदिर मिळते. हा पैसा कोणाची मेहेरबानी नाही, आपल्या हक्काचा आहे. एकदा गल्ली झाली असे कागदावर चढले की तीच गल्ली पुन्हा मंजूर व्हायला वर्षे जातात. तेवढी वर्षे आयाबायांनी डोक्यावर हंडा घेऊन त्या खड्ड्यांतून चालायचे, आणि म्हाताऱ्याला दवाखान्यात न्यायचे तर बाजेवर घालून मोठ्या रस्त्यापर्यंत आणायचे.

गल्ली उखडली की सारे जण ब्लॉकला शिव्या देतात. ब्लॉक हलका असतोही. पण आम्ही जेवढी कामे उकरलेली पाहिली, त्यांत बहुतेक ठिकाणी ब्लॉक शाबूत होते, खालची जमीनच सरकली होती. आपली जमीन काळी, कापसाची. शेतकऱ्याला हिचा स्वभाव सांगायला नको. पावसाळ्यात पाणी पिऊन ती फुगते, उन्हाळ्यात आकसते आणि भेगाळते. भेग अशी की हात कोपरापर्यंत आत जावा. ज्या मातीत वर्षातून एकदा अशी उलथापालथ होते, तिच्यावर थेट सिमेंट ओतले किंवा ब्लॉक मांडले तर ते जागेवर कसे राहणार? ज्वारी-कापसाला ही माती सोने आहे, रस्त्याला मात्र वैरीण.

म्हणून पहिले काम खोदाईचे. गल्लीतली वरची काळी माती निदान फूटभर काढून टाकायची. तिच्या जागी मुरूम. तो एकदम ओतून चालत नाही. सहा-सहा इंचांचा थर द्यायचा, पाणी शिंपायचे, रोलरने किंवा धुम्मसाने ठोकायचा, मग दुसरा थर. मुरमावर खडीचा थर, तोही दाबलेला. मग ब्लॉक बसवायचे असतील तर वर इंच-दीड इंच जाड वाळू किंवा क्रशरची कच. ही वाळू म्हणजे ब्लॉकची गादी. ती दीड इंचाच्या वर जाऊ द्यायची नाही. कित्येक ठिकाणी खालचा खड्डा मुरमाने भरायचा सोडून तीन-चार इंच वाळूनेच भरून काढतात. वरून काम एकसारखे दिसते, पण पहिल्याच ट्रॅक्टरखाली चाकोऱ्या पडतात.

ब्लॉक मांडून झाले म्हणजे काम झाले असे नाही. त्यांच्यावरून कंप देणारे यंत्र फिरवावे लागते. त्याला कोणी प्लेट म्हणतात, कोणी व्हायब्रेटर. मग सांध्यांत कोरडी बारीक वाळू झाडूने भरायची, पुन्हा यंत्र फिरवायचे, पुन्हा वाळू. ब्लॉक एकमेकांना धरून राहतात ते ह्या सांध्यातल्या वाळूमुळे. ओली वाळू आत उतरत नाही, वरच बसते. दोन्ही कडांना काँक्रीटची पट्टी किंवा कडेचा दगड नीट बसवलेला हवा. कडा मोकळी राहिली की शेवटची ओळ बाहेर सरकते, तिच्यामागे दुसरी, आणि वर्षभरात सगळी गल्ली सैल होते.

एका वस्तीत हे काम चालू असताना आम्ही उभे होतो. वस्तीतलेच दोघे भाऊ पुण्याकडे ब्लॉक बसवायच्या कामावर असतात, ते जयंतीसाठी गावी आले होते. त्यांनी गल्लीत पाऊल टाकले आणि गुत्तेदाराच्या मिस्त्रीला विचारले, 'मामा, मशीन कुठंय?' मिस्त्री हसला. म्हणाला, 'खालचं कोण बघायलंय? वरून लाइन सरळ दिसली की बिल निघायलंय.' त्या पोरांनी त्याच्याशी भांडण केले नाही. धाकट्याने एका ओळीतले चार ब्लॉक हाताने उचलून बाजूला ठेवले आणि खालची वाळू बोटाने मोजून दाखवली. चार इंच भरली. तोवर गल्लीतली माणसे जमली होती, बायाही दारांत आल्या होत्या. दुसऱ्या दिवशी मशीन आली. आधी बसवलेला भाग काही कोणी पुन्हा उकरला नाही, आणि आज त्या गल्लीत कोणता भाग मशीनच्या आधीचा व कोणता नंतरचा, हे आंधळाही पायाने सांगेल. ज्या हातांनी पुण्याच्या सोसायट्यांची आवारे गुळगुळीत केली, त्या हातांच्या स्वतःच्या गल्लीत असे काम व्हावे, याची आम्हाला चीड येते.

आता पाण्याचे. अंगणातल्या चिखलाचा प्रश्न काही आजचा नाही. विनयपिटकातल्या चुल्लवग्गात ही हकीकत आली आहे. भिक्खूंच्या निवासाच्या आवारात चिखल होऊ लागला, तेव्हा तथागतांनी तेथे बारीक खडे पसरायची अनुज्ञा दिली. तेवढ्याने भागेना, तेव्हा दगडी फरश्या टाकायची अनुज्ञा दिली. मग पाणी साचू लागले, तेव्हा पाणी काढून देणारी मोरी करायची अनुज्ञा दिली. त्या खड्यांना पालीत 'मरुम्ब' असा शब्द आहे, आपल्या मुरमासारखाच कानाला लागतो. खाली खडे, वर फरशी, आणि पाण्याला वाट, असा हा सारा कारभार. आपले गुत्तेदार यातली मधली अनुज्ञा तेवढी पाळतात!

पाण्याला वाट द्यायची म्हणजे ढाळ द्यायचा. फुटाला पाव इंच हा सोपा हिशोब. दहा फूट रुंदीला अडीच इंच. ढाळ घरांकडून नालीकडे हवा. पाण्याने भरलेली पारदर्शक नळी दोन टोकांना धरली की तो दहा रुपयांत मोजता येतो, त्याला इंजिनिअर लागत नाही. आणि नाली आधी, गल्ली नंतर. नालीच नसेल तर ब्लॉकच्या सांध्यांतून उतरलेले पाणी खालच्या काळ्या मातीत मुरते, ती फुगते, आणि वर सांगितलेले सगळे कष्ट वाया जातात.

ह्या ढाळाशी बांधलेला दुसरा प्रश्न फार वाईट आहे आणि त्याविषयी कोणी बोलत नाही. गल्लीवर गल्ली चढते. पूर्वी खडीचा रस्ता झाला, त्याच्यावर काही वर्षांनी सिमेंटचा थर आला, आता त्याच्यावर ब्लॉक. जुने उखडायला मजुरी लागते, म्हणून कोणी उखडत नाही. दर खेपेला रस्ता तीन-चार इंच वर येतो, घरे मात्र होती तिथेच राहतात. पूर्णा तालुक्यातल्या एका वस्तीत आम्ही पट्टीने मोजले, तर गल्ली उंबऱ्याच्या नऊ इंच वर होती. तिथल्या आजीने आम्हाला सांगितले, 'लेकरा, आधी आमी चिखलातून घरात याचो. आता चिखलच घरात यायलाय.' तिने दारात विटांचा बांध घातला होता आणि पावसाळ्यात पिठाचा डबा, कागदपत्रे, बाबासाहेबांचा फोटो सारे माळवदाखालच्या फळीवर चढवून ठेवत होती. ज्यांच्याजवळ पैसा आहे ते घराची जमीन उचलून घेतात. तिच्याजवळ नव्हता. वस्तीत नवे काम येईल तेव्हा पहिला प्रश्न हा विचारा, की जुना रस्ता उखडणार की त्यावरच चढवणार? उखडण्याची बाब अंदाजपत्रकात धरली आहे का, हेही विचारा. धरली असेल तर तिचे पैसेही निघणार आहेत.

सिमेंटच्या गल्लीचा हिशोब आम्ही मुद्दाम अंकांत मांडतो. वाणिज्य शाखेत शिकल्याचा एवढा तरी उपयोग व्हावा. समजा, गल्ली ५० मीटर लांब व ३ मीटर रुंद आहे. जाडी १० सेंटीमीटर, म्हणजे चार इंच. ५० गुणिले ३ गुणिले ०.१० म्हणजे १५ घनमीटर माल. सिमेंट एक, वाळू दीड, खडी तीन ह्या प्रमाणाला कागदावर एम-२० म्हणतात. त्याच्या एका घनमीटरला ५० किलोची सुमारे ८ पोती लागतात. १५ गुणिले ८ म्हणजे १२० पोती. आता जाडी एक इंच कमी केली तर ९० पोत्यांत काम होते. प्रमाणही एकास दोन, चार असे पातळ केले तर घनमीटरला सव्वासहाच्या आसपास पोती लागतात, आणि सगळे काम ७१ पोत्यांत उरकते. बिल १२० चेच. म्हणून आमचे सांगणे एवढेच, की रिकामी पोती मोजा. वस्तीतल्या आठवी-नववीच्या पोराला वही देऊन बसवा, पोती फुटतील तशा रेघा ओढू द्या. जाडी तर फळ्या लावल्या की दिसतेच. चार इंचांची फळी आहे की तीन इंचांची, हे माल पडायच्या आधी मोजायचे. नंतर मोजायला गल्ली फोडावी लागते.

मालात पाणी किती घालतात तेही बघायचे. पातळ माल ओतायला आणि पसरायला सोपा जातो, म्हणून मिक्सरवरचा गडी पाइप सोडून देतो. पण एका पोत्याला साधारण २५ लिटरच्या पुढे पाणी गेले की माल कमजोर होत जातो. वाळलेल्या पृष्ठावरून मग नुसत्या बोटाने पीठ निघते. सलग पन्नास मीटर ओतत जाणेही चुकीचे. दर आठ-दहा फुटांवर सांधा ठेवायचा किंवा चौकोन एक सोडून एक भरायचे. काँक्रीटला तडा जाणारच असतो, सांधा ठेवला तर तो सांध्यात जातो एवढेच.

आणि पाणी मारणे. सिमेंट वाळून घट्ट होत नाही, ते पाण्यात राहून घट्ट होते. निदान सात दिवस, आणि राखमिश्रित सिमेंट असेल किंवा हवा तापलेली असेल तर दहा ते चौदा दिवस ते ओले राहिले पाहिजे. नुसती सकाळ-संध्याकाळ पिचकारी मारून भागत नाही. मातीचे वाफे करून पाणी कोंडायचे, नाहीतर गोणपाट अंथरून ते ओले ठेवायचे. इथेच आपल्या जिल्ह्याचे दुर्दैव आडवे येते. मंजुरीचा पैसा ३१ मार्चच्या आत खर्ची पडायला हवा, म्हणून कामे फेब्रुवारी-मार्चमध्ये सुटतात. शिवाय १४ एप्रिलला मिरवणूक नव्या रस्त्यावरून जावी ही आपलीही हौस. तेव्हा ऊन चाळीस अंशांकडे निघालेले असते आणि नळाला पाणी चार-चार दिवसांनी. जिथे बाया प्यायच्या पाण्यासाठी रांगेत उभ्या, तिथे रस्त्याला कोण पाणी पाजणार? तो रस्ता जन्मताच तहानेने मेलेला असतो.

म्हणून आमचे स्पष्ट मत असे, की उन्हाळ्यात काम होणारच असेल तर आपल्या वस्त्यांत ब्लॉक घ्यावेत. ब्लॉक कारखान्यातच पाणी पिऊन आलेले असतात, जागेवर त्यांना पाणी लागत नाही. सिमेंटचा रस्ता करायचा तर दिवाळीच्या आसपास, विहिरींना पाणी असताना. ब्लॉक जाडीने मोजून घ्यावेत. नुसत्या पायवाटेला ५० मिलिमीटर चालतो, दुचाकी-रिक्षा येत असतील तर ६०, ट्रॅक्टर जाणार असेल तर ८०. भारतीय मानक ब्यूरोने २००६ साली ह्या ब्लॉकसाठी १५६५८ क्रमांकाचे मानकच काढले आहे. आलेला माल त्याप्रमाणे तपासला का, असे लेखी विचारता येते. आपल्यापुरती परीक्षा म्हणजे दोन ब्लॉक एकमेकांवर वाजवावेत. खणखणीत आवाज हवा, भद्द नको. एखादा फोडून आत बघावे. आतला माल एकसारखा, घट्ट हवा. वरचा रंगीत पापुद्रा तेवढा चकाकतो आणि आत भुसा, असे ब्लॉक आम्ही पाहिले आहेत.

हे सारे विचारायचे कुणाला आणि कसे? गल्लीत उभे राहून आरडाओरडा केला तर 'काम अडवले' म्हणून आपल्याच पोरांवर तक्रार जाते. त्यापेक्षा कागद मागावा. माहितीचा अधिकार २००५ सालापासून आहे, अर्जाची फी १० रुपये, दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला दाखला जोडला तर तीही नाही. उत्तर ३० दिवसांत द्यावे लागते. अर्जात गोलमाल लिहू नये. 'भ्रष्टाचार झाला आहे' असे लिहिले की कारकुनाला फेटाळायला निमित्त मिळते, हे आम्ही टेबलाच्या त्या बाजूला बसून सांगतो. कामाचे नाव, वर्ष लिहावे आणि चार कागद मागावेत. मंजूर अंदाजपत्रक, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिकेची पाने, साहित्याचे चाचणी अहवाल. काम प्रत्यक्ष पाहण्याचा आणि वापरलेल्या साहित्याचा प्रमाणित नमुना घेण्याचा अधिकारही त्याच कायद्यात आहे, तो फार कमी लोक वापरतात. दोषदायित्वाचा कालावधी किती, हेही विचारून ठेवावे. त्या मुदतीत गल्ली उखडली तर गुत्तेदाराने स्वखर्चाने दुरुस्त करायची असते. अर्ज काम चालू असताना गेला तर उत्तम. आमचा अनुभव असा, की अर्जाची पोच हातात पडली त्याच आठवड्यात रोलर येतो.

कामावर जाणाऱ्यांसाठी दोन शब्द. ओले सिमेंट कातडी जाळते. लगेच कळत नाही, संध्याकाळी पायाच्या बेचक्यांत आग पडते आणि सकाळी चट्टे उठलेले असतात. रबरी बूट आणि हातमोजे गुत्तेदाराकडून मागून घ्यावेत. सिमेंट डोळ्यांत गेले तर चोळू नये, स्वच्छ पाण्याने पंधरा मिनिटे धुवावे आणि दवाखाना गाठावा. ब्लॉक मशीनने कापताना जी पांढरी धूळ उडते ती छातीत बसते. पाणी सोडून कापावे, तोंडाला नुसता रुमाल पुरत नाही. समान कामाला समान वेतनाचा कायदा १९७६ सालीच झाला, तरी घमेले वाहणाऱ्या बाईच्या हातावर आजही कमीच पैसे पडतात. बांधकाम कामगारांसाठी १९९६ साली कायदा झाला आणि महाराष्ट्रात २०११ साली कल्याणकारी मंडळ आले. वय १८ ते ६० असेल आणि मागच्या बारा महिन्यांत ९० दिवस काम केले असेल, तर नोंदणी करता येते. ब्लॉक बसवणारा आणि त्याच्या हाताखालची बिगारी बाई दोघेही त्यात बसतात. मुलांच्या शिष्यवृत्तीपासून अपघाती मदतीपर्यंतचे लाभ त्या नोंदणीवर आहेत, आणि आपली माणसे 'आपण कुठले बांधकामवाले' म्हणून घरी बसतात.

स्वतःच्या अंगणाचे काम त्या मानाने सोपे. आपल्याकडे शहाबादी फरशीची सवय आहे. ती गुलबर्ग्याकडून येते, तो जिल्हा आणि आपला, दोन्ही १९५६ पर्यंत एकाच हैदराबाद राज्यात होते. फरशी पुरत नसेल तर पक्क्या भाजलेल्या विटा कडेवर उभ्या लावल्या तरी अंगण चांगले होते. वीट कमरेच्या उंचीवरून जमिनीवर टाकावी, फुटली तर घेऊ नये. कोरडी वीट तोलावी, दिवसभर पाण्यात ठेवून पुन्हा तोलावी. तीन किलोच्या विटेने सहाशे ग्रॅमपेक्षा जास्त पाणी प्यायले तर ती अंगणाची वीट नव्हे. खालचे थर मात्र गल्लीसारखेच, थोडे पातळ. आणि सगळे अंगण बंद करू नये. मे महिन्यात सिमेंटचे अंगण रात्री दहापर्यंत तापलेले असते, बाज टाकायची सोय राहत नाही. विहाराच्या आवारात पिंपळ असेल तर त्याच्या बुंध्याभोवती चांगले चार-पाच फुटांचे आळे मोकळे ठेवावे. मुळे ब्लॉक उचलतातच, आणि मग कोणीतरी ब्लॉक वाचवायला मुळे तोडायला निघतो.

नळाचा पाइप टाकायचा असेल तर तो ब्लॉकच्या आधी. जलजीवन मिशनच्या खोदाईत किती गल्ल्या मधोमध फाटल्या ते आपण पाहिले आहेच. सिमेंटची फाटली ती फाटलीच. ब्लॉकच्या गल्लीचे बरे असे, की ब्लॉक काढून रचून ठेवता येतात, पाइप टाकून झाल्यावर चर मुरमाने भरून, ठोकून, तेच ब्लॉक पुन्हा बसवता येतात. त्यासाठी काम संपताना तीस-चाळीस ब्लॉक जास्तीचे मागून विहाराच्या मागच्या भिंतीशी रचून ठेवावेत. दोन वर्षांनी त्याच साच्याचा ब्लॉक बाजारात मिळत नाही.